सीमाभागाचे आत्मचरित्र : मुधोळपासून ब्रिटनीपर्यंत

राज्य पुनर्रचना कायदा, १९५६ च्या तिसऱ्या कलमात आमच्या मुधोळाचा उल्लेख जेमतेम एका ओळीचा आहे. हैदराबाद राज्याच्या नांदेड जिल्ह्यातील मुधोळ तालुक्याची मुधोळ, भैंसा आणि कुबीर ही गिरदावर मंडळे आंध्र प्रदेशात समाविष्ट होतील, एवढेच ते कलम सांगते. देगलूर तालुक्यातील बिचकुंदा आणि जुक्कल या मंडळांची वाट तीच. त्याच मुधोळ तालुक्याचा धर्माबादकडील भाग मात्र नांदेडबरोबर मुंबई राज्यात आणि पुढे १९६० मध्ये महाराष्ट्रात गेला. उलट दिशेने आदिलाबाद जिल्ह्यातून राजुरा आणि किनवट हे तालुके व बोथ तालुक्यातील इस्लापूर मंडळ पलीकडे गेले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हे सर्व अमलात आले. २ जून २०१४ रोजी तेलंगण राज्य झाले आणि ऑक्टोबर २०१६ मध्ये मुधोळ आदिलाबादमधून निघून निर्मल जिल्ह्यात आले.

याचा हिशेब असा होतो : १९४० च्या सुमारास मुधोळात जन्मलेला माणूस आपले घर न सोडता निजामाचे संस्थान, स्वतंत्र भारतातील हैदराबाद राज्य, आंध्र प्रदेश आणि तेलंगण अशा चार राजवटींत व नांदेड, आदिलाबाद, निर्मल अशा तीन जिल्ह्यांत राहिला. सीमाप्रश्नाच्या कागदपत्रांत या माणसाची नोंद संख्या म्हणून होते. अमुक गावात इतके मराठी भाषक, इतके तेलुगू भाषक, एवढीच ती नोंद. आमच्या फडताळात निवेदने आहेत, ठरावांच्या प्रती आहेत, जनगणनेचे उतारे आहेत. त्या माणसाने स्वतःच्या भाषेत लिहिलेले स्वतःचे आयुष्य मात्र तेथे नाही.

प्रस्तुत लेखाचा विषय ही उणीव आहे. आत्मकथन आणि सांस्कृतिक ओळख यांचा संबंध काय, सीमेवरच्या समाजाला आत्मकथनाची गरज का पडते आणि ते कोणत्या भाषेत लिहावे, हे प्रश्न आमच्यापुरते नाहीत. फ्रेंच भाषेच्या छायेत वाढलेल्या अनेक समाजांनी ते आमच्या आधी सोडवून पाहिले आहेत. म्हणून वाचकांना आम्ही थोडे दूर नेणार आहोत आणि मग गोदाकाठी परत आणणार आहोत.

फ्रेंचच्या छायेतील 'मी'

फ्रान्सच्या पश्चिम टोकाला ब्रिटनी हा प्रांत आहे. तेथील जुनी भाषा ब्रेतॉन. ती फ्रेंचची बोली नसून वेल्शच्या कुळातील स्वतंत्र भाषा आहे. प्रजासत्ताकाच्या शाळांत ती बोलण्यास मनाई होती. ब्रेतॉन शब्द तोंडून निघालेल्या मुलाच्या गळ्यात एखादी वस्तू अडकवीत आणि त्या वस्तूला 'गाय' म्हणत. दुसऱ्या कोणाला तोच गुन्हा करताना पकडून दिले म्हणजे ती त्याच्या गळ्यात जाई. भाषेची लाज मुलांकरवीच मुलांत पेरण्याची ही युक्ती होती.

अशा शाळेत शिकलेला पिएर-जाकेझ एलिआस हा शेतमजुराचा मुलगा पुढे शिक्षक झाला आणि त्याने आपल्या बालपणाची कहाणी लिहिली. १९७५ मध्ये ती 'अभिमानाचा घोडा' अशा अर्थाच्या नावाने फ्रेंचमध्ये प्रसिद्ध झाली. खरा घोडा पोसण्याची ऐपत नसलेल्या आजोबांच्या एका उद्गारावरून हे नाव आले. पुस्तकाचे मूळ लेखन ब्रेतॉनमध्ये होते आणि फ्रेंच रूप लेखकाने स्वतः केले होते. त्याच्या लक्षावधी प्रती खपल्या. ब्रेतॉन शेतकऱ्याची भाकरी, त्याची चूल, त्याचे सण आणि त्याची शाळेतली मानहानी फ्रान्सभर वाचली गेली.

तथापि आमच्या दृष्टीने पुढचा भाग अधिक महत्त्वाचा आहे. दोनच वर्षांनी झाव्हिए ग्राल या ब्रेतॉन लेखकाने 'आडवा पडलेला घोडा' अशा अर्थाचे एक पुस्तक लिहून एलिआसवर कठोर टीका केली. त्याच्या आक्षेपाचा आशय असा की, एलिआसने ब्रिटनीला संग्रहालयात नेऊन ठेवले. जिवंत भाषेचे मृत्युलेखन केले आणि शहरी वाचकाला हळहळण्याचे सुख दिले. हा वाद आम्हांला फार जवळचा वाटतो. सीमाभागावरील कोणत्याही आठवणीला हा धोका असतो. 'पूर्वी किती मराठी होती आमच्याकडे' असे म्हणून डोळे पुसणे सोपे आहे. आज घरात कोणती भाषा बोलली जाते, हे लिहिणे कठीण आहे. एलिआसचे पुस्तक नसते तर ग्रालला वाद घालण्यासाठी काही उरलेच नसते, हेही तितकेच खरे.

भूमध्य समुद्राच्या पलीकडे अल्जीरियात प्रश्न अधिक बिकट होता. तेथे फ्रेंच ही जेत्यांची भाषा. कबील डोंगराळ मुलखातील मुलूद फेराऊन हा शिक्षक. त्याची घरची भाषा बर्बर कुळातील कबील. १९५० मध्ये त्याने 'गरिबाचा मुलगा' या अर्थाच्या शीर्षकाची आत्मकथनपर कादंबरी फ्रेंचमध्ये लिहिली. नायकाचे नाव फुरुलू मेनराद. फ्रेंच लिपीत हे नाव म्हणजे लेखकाच्याच नावातील अक्षरांची फिरवाफिरव आहे. आपले नाव उघड लिहिण्याचा धीर होऊ नये आणि ते पुरते लपवावेसेही वाटू नये, अशी ती अवस्था. पुढे स्वातंत्र्ययुद्धाच्या काळात त्याने रोजनिशी लिहिली. १५ मार्च १९६२ रोजी, युद्धविराम तीन-चार दिवसांवर आला असताना, वसाहतवादी फ्रेंचांच्या सशस्त्र गुप्त संघटनेने अल्जिअर्समध्ये त्याची हत्या केली. रोजनिशी त्याच वर्षी छापली गेली.

आसिया जेबार ही त्याच देशातील लेखिका. वडील फ्रेंच शिकविणारे शिक्षक होते, म्हणून ती शाळेत जाऊ शकली. तिच्या वयाच्या इतर मुली पडद्याआड राहिल्या. फ्रेंचने तिला मोकळीक दिली आणि आईच्या भाषेतील मायेच्या शब्दांपासून तोडलेही. १९८५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या आत्मकथनपर ग्रंथात तिने एक वेगळी वाट शोधली. एका धाग्यात तिचे बालपण, दुसऱ्यात १८३० च्या फ्रेंच आक्रमणाचा इतिहास आणि तिसऱ्यात स्वातंत्र्ययुद्धात होरपळलेल्या खेडूत स्त्रियांचे बोल. या स्त्रिया लिहू शकत नव्हत्या. त्यांचे बोलणे लेखिकेने ऐकले आणि आपल्या आयुष्याशेजारी बसविले. ती स्वतः २००५ मध्ये फ्रेंच अकादमीवर निवडून गेली. पण त्या पुस्तकातला 'मी' तिच्या एकटीचा राहिला नाही.

'बलुतं' फ्रेंचमध्ये जाते तेव्हा

फ्रेंच आणि मराठी यांची आत्मकथनाच्या वाटेवर प्रत्यक्ष भेटही झालेली आहे. ती घडवून आणली गी प्वातव्हँ यांनी. हे जन्माने फ्रेंच. १९७० च्या दशकात पुण्यास आले, मराठी शिकले, भारतीय नागरिक झाले आणि २००४ मध्ये निधन होईपर्यंत येथलेच राहिले. हेमा राईरकर यांच्यासह त्यांनी जात्यावरच्या ओव्या गोळा करण्याचे काम केले. त्या संग्रहात एक लाखाहून अधिक ओव्या आहेत. निरक्षर स्त्रियांनी पहाटेच्या अंधारात सांगितलेले ते आत्मचरित्रच आहे, फक्त त्यावर लेखिकेचे नाव नाही.

याच प्वातव्हँ यांनी दया पवारांचे 'बलुतं' (१९७८) आणि बेबी कांबळे यांचे 'जिणं आमुचं' (१९८६) फ्रेंचमध्ये नेले. ही भाषांतरे १९९० आणि १९९१ मध्ये पॅरिसला प्रसिद्ध झाली. पहिल्याचे फ्रेंच शीर्षक 'माझे अस्पृश्याचे जीवन' अशा अर्थाचे आहे, दुसऱ्याचे 'अस्पृश्य स्त्रीचे बोल' अशा अर्थाचे. भाषेच्या अभ्यासकाने येथे क्षणभर थांबावे. 'बलुतं' या शब्दात गावगाड्याची संपूर्ण रचना आहे. हक्क आणि लाचारी, धान्याची रास आणि गावकुसाबाहेरचे घर, हे सारे मराठी वाचकाला त्या एका शब्दात दिसते. फ्रेंच वाचकासाठी त्या जागी 'अस्पृश्य' हा त्याला ठाऊक असलेला शब्द ठेवावा लागला. 'जिणं आमुचं' मधील 'आमुचं' हे अनेकवचन तर शीर्षकातून गळून पडले आणि त्या जागी एक स्त्री उभी राहिली.

यात भाषांतरकाराचा दोष नाही. त्याने दोन्ही पुस्तके जगापुढे नेली, हे त्याचे उपकार आहेत. पण बाईंनी 'आमुचं' का म्हटले, हे आम्हांला विसरता येत नाही. त्यांनी हे लेखन घरच्यांपासून लपवून केले आणि ते अनेक वर्षे तसेच पडून राहिले. एवढ्या चोरून लिहितानाही त्यांनी आपल्या एकटीचे आयुष्य लिहिले नाही. वस्तीचे जिणे लिहिले. भाषेची सीमा ओलांडताना माणसाची ओळख बदलते, ती अशी एखाद्या सर्वनामापासून. सीमाभागातील माणसाला हे निराळे सांगायला नको. महाराष्ट्रात गेला की त्याला 'तेलंगणवाले' म्हणतात आणि हैदराबादेत 'मराठे लोक'. तो स्वतःला काय म्हणतो, हे कोणी विचारीत नाही.

हैदराबाद संस्थानातील आयुष्ये

आता आपल्या मुलखाकडे वळू. निजामाच्या संस्थानात तेलुगू, मराठी आणि कन्नड या बहुसंख्य प्रजेच्या भाषा. कारभाराची भाषा उर्दू. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते. त्यामुळे येथे शिकलेल्या माणसाच्या मनात घरची भाषा एका खणात, कचेरीची दुसऱ्या आणि देवाधर्माची तिसऱ्या खणात असे. आत्मचरित्र लिहायला बसल्यावर कोणता खण उघडायचा, हा निर्णय त्याला करावा लागे. चार जणांनी हा निर्णय चार तऱ्हांनी केला.

पहिले स्वामी रामानंद तीर्थ. हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे हे नेते. मराठवाड्यात त्यांनी शिक्षक म्हणून आयुष्य घातले. त्यांच्या आठवणी १९६७ मध्ये प्रसिद्ध झाल्या त्या इंग्रजीत. तीन भाषकांनी मिळून दिलेल्या लढ्याची हकीकत कोणा एकाच्या भाषेत सांगितली तर उरलेले दोघे परके होतील, अशी अडचण त्यामागे असावी, असे आम्हांला वाटते. लढा सर्वांचा होता. सर्वांची अशी भाषा मात्र उरलेली नव्हती.

दुसरे सेतुमाधवराव पगडी. यांचा जन्म १९१० मध्ये निलंग्याचा. हैदराबादच्या मुलकी सेवेत ते अधिकारी झाले. आदिलाबाद जिल्ह्यातील नेमणुकीत त्यांनी गोंडी आणि कोलामी या भाषा आत्मसात केल्या, त्यांची व्याकरणे लिहिली आणि आदिलाबादच्या गोंडांवर इंग्रजीत पुस्तक लिहिले. उर्दू-फारसीवरील त्यांच्या प्रभुत्वामुळे गालिब आणि इक्बाल मराठी वाचकांपर्यंत पोहोचले. १९५६ नंतर ते मुंबईकडे गेले आणि महाराष्ट्राच्या गॅझेटिअरचे काम त्यांनी पाहिले. एवढ्या भाषा जाणणाऱ्या या माणसाने स्वतःचे आयुष्य सांगताना मराठी निवडली आणि आत्मचरित्राला नाव दिले 'जीवनसेतू'. आपल्याच नावावरचा तो श्लेष आहे, पण त्यांच्या आयुष्याचे ते नेमके वर्णनही आहे. अनेक भाषा येणे आणि एक भाषा आपली असणे यांत विरोध नाही, याचे याहून चांगले उदाहरण आमच्या जिल्ह्याच्या इतिहासात आम्हांला दिसत नाही.

तिसरे पामुलपर्ती वेंकट नरसिंह राव. वरंगळकडचा हा तेलुगू मुलगा. १९३८ च्या 'वंदे मातरम्' चळवळीमुळे उस्मानियातून काढलेल्या विद्यार्थ्यांना नागपूर विद्यापीठाने आसरा दिला, त्यांत तेही होते. मराठी त्यांना उत्तम येई. हरि नारायण आपटे यांची 'पण लक्षांत कोण घेतो' ही कादंबरी त्यांनी तेलुगूत नेली आणि साहित्य अकादमीने ती प्रसिद्ध केली. ही कादंबरी म्हणजे यमू या मुलीने स्वतः सांगितलेली आपली जीवनकथा, म्हणजे कल्पित आत्मचरित्रच. पुढे ते रामटेकमधून लोकसभेवर गेले आणि देशाचे पंतप्रधान झाले. स्वतःच्या आयुष्यावर मात्र त्यांनी १९९८ मध्ये इंग्रजीत कादंबरी लिहिली. त्यात संस्थानाचे नाव बदललेले आणि नायकाचेही नाव बदललेले आहे. फेराऊनच्या अक्षरांच्या फिरवाफिरवीची येथे आठवण व्हावी.

चौथे काळोजी नारायण राव. यांच्याविषयी लिहिताना आम्हां सीमावासीयांना थोडा प्रामाणिकपणा दाखवावा लागेल. ९ सप्टेंबर १९१४ रोजी त्यांचा जन्म झाला. वडील मराठी, आई कन्नड. वाढले वरंगळजवळच्या मडिकोंड्याला. मराठी त्यांच्या घरातलीच होती. त्यांनी कविता लिहिली ती तेलुगूत आणि तीही पुस्तकी तेलुगूत न लिहिता तेलंगणातील सामान्य माणसाच्या बोलीत. त्यांच्या आत्मचरित्राच्या नावाचा अर्थ 'ही माझी कटकट' असा करता येईल. त्यांचा जन्मदिवस तेलंगण सरकारने राज्याचा भाषादिन म्हणून जाहीर केला आहे.

काळोजींचे नाव काढले की आमच्यातले काही जण हळहळतात, 'आपला माणूस तिकडे गेला' म्हणतात. आम्हांला हे मान्य नाही. ते कोठेही गेले नाहीत. ज्या लोकांत वाढले, त्यांच्या बोलीला प्रतिष्ठा मिळावी म्हणून ते आयुष्यभर भांडले. किनारपट्टीच्या प्रमाण तेलुगूपुढे तेलंगणच्या बोलीला कमी लेखले जाई, तेव्हा त्यांनी बोलीची बाजू घेतली. मुधोळची मराठी बोलणाऱ्याला पुण्या-मुंबईत हसू ऐकावे लागते, तेव्हा त्याने काळोजींकडून शिकावे. आत्मकथन नेहमी आपल्या दाव्याला पुरावा देईलच असे नाही. कधी ते दाव्यापेक्षा मोठे काहीतरी सांगते, आणि तेही आपण ऐकून घेतले पाहिजे.

ज्यांचे आत्मचरित्र आम्हीच ऐकले नाही

आणखी एक अवघड गोष्ट. सीमाभागात अन्याय फक्त आमच्यावर झाला, असे बोलण्याची आम्हांला सवय झाली आहे. आदिलाबादच्या डोंगरात गोंड, कोलाम आणि परधान राहतात. १९४० मध्ये जोडेघाट येथे कोमराम भीम पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले. जमिनी हातच्या गेल्यामुळे गोंड का पेटले, याचा शोध घेण्यासाठी निजाम सरकारने ख्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ या ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञाला पाठविले. त्याच्या पुढाकाराने मारलवाईला गोंड शिक्षकांच्या प्रशिक्षणाचे केंद्र निघाले आणि गोंडी भाषेची वाचनपुस्तके देवनागरी लिपीत तयार झाली. गोंडांच्या जमिनी घेणाऱ्यांत मराठी बोलणारेही होते आणि तेलुगू बोलणारेही. हे नाकारून आमचे आत्मचरित्र पुरे होणार नाही.

परधानांची स्थिती तर भाषेच्या अभ्यासकाने मुद्दाम पाहावी अशी आहे. गोंडांच्या कुळकथा गाणारे हे भाट. आदिलाबादच्या परधानांची घरची भाषा मराठी आणि गाण्याची भाषा गोंडी. दुसऱ्यांची वंशावळ दुसऱ्यांच्या भाषेत पाठ असलेला हा समाज आपली कथा आपल्या मराठीत कधी सांगणार? आमच्या मराठीच्या चळवळीत त्याला कितीदा बोलावणे गेले? या प्रश्नांची उत्तरे आम्हांला द्यावी लागतील.

आम्ही, आपण आणि मनमु

भाषाशास्त्रातील एक साधी गोष्ट येथे उपयोगी पडेल. मराठीत प्रथमपुरुषी अनेकवचनाचे दोन शब्द आहेत. 'आम्ही जातो' म्हटले की ऐकणारा वगळला जातो. 'आपण जाऊ' म्हटले की त्याला सोबत घेतले जाते. तेलुगूतही नेमका हाच भेद आहे. ऐकणाऱ्याला वगळणारा 'मेमु' आणि त्याला सामावून घेणारा 'मनमु'. हिंदीतील 'हम' मध्ये हा भेद सक्तीचा नाही. फ्रेंचमध्ये दोन्ही अर्थांना एकच शब्द चालवावा लागतो. मराठीतील हा भेद द्राविडी भाषांच्या शेजारामुळे दृढ झाला, असे अनेक भाषाशास्त्रज्ञांचे मत आहे.

म्हणजे ज्या सीमेवरून आम्ही भांडतो, ती सीमा आखली जाण्याच्या कित्येक शतके आधी दोन्ही बाजूंच्या माणसांनी एक व्याकरण वाटून घेतले होते. सीमाभागाच्या आत्मकथनाला हे दोन्ही शब्द लागतील. १९५६ मध्ये काय झाले ते सांगताना 'आम्ही' म्हणावे लागेल, कारण ते सर्वांवर सारखे गुजरले नाही. बाजारात, शेतात आणि बासरच्या देवळाच्या पायऱ्यांवर जे आयुष्य रोज घडते, ते सांगताना 'आपण' म्हणावे लागेल. तेलुगू शेजाऱ्याला तो शब्द समजावून सांगावा लागणार नाही. त्याच्याकडे 'मनमु' आहेच.

लिहायचे कोणी आणि काय

मुधोळाजवळ गोदावरीकाठी बासरला सरस्वतीचे क्षेत्र आहे. तेलंगणातून आणि मराठवाड्यातून माणसे लेकरांना घेऊन तेथे येतात आणि अक्षराभ्यासाचा विधी करतात. लहानग्याच्या हातून पहिले अक्षर काढवून घेतले जाते. धर्माबादहून गाडी निघाली की पुढचे स्टेशन बासर. मध्ये राज्याची सीमा येते आणि जाते. एकाच देवीपुढे एक मूल देवनागरीत पहिले अक्षर गिरवते, दुसरे तेलुगूत. मुधोळच्या मराठी घरातले मूल कोणत्या लिपीत गिरवते, हे त्या घराच्या इतिहासावर अवलंबून असते. तो इतिहास लिहिला गेला पाहिजे.

गावातील एका वृद्ध बाईंकडे आम्ही अशाच आठवणी विचारायला गेलो होतो. त्यांनी पहिल्यांदा हात झटकले. 'माझ्यात काय लिहिण्यासारखं आहे, बाबा? लिहावं ते मोठ्यांनी.' मग बोलू लागल्या. पुनर्रचनेच्या आदल्या वर्षी धर्माबादकडून सून म्हणून त्या मुधोळात आल्या. एकाच तालुक्यातले माहेर, बैलगाडीची वाट. वर्षभरात माहेर एका राज्यात आणि सासर दुसऱ्या राज्यात. भावाची मुले मराठीत शिकली, त्यांची स्वतःची तेलुगूत. भावाची पत्रे त्यांनी पत्र्याच्या डब्यात जपून ठेवली आहेत. मुलांना ती अडखळत वाचता येतात, नातवंडांना मुळीच येत नाहीत. बाईंना स्वतःला अक्षरओळख नाही. म्हणजे ज्या घरात ही पत्रे जपली गेली, त्या घरात आता ती कोणी सलग वाचू शकत नाही.

आमच्या मते सीमाप्रश्नाचे खरे दस्तऐवज त्या डब्यात आहेत. न्यायालयात त्यांचा उपयोग होईल न होईल. पण ती पत्रे वाचणारा शेवटचा माणूस गेल्यावर मुधोळच्या मराठीचा एक पुरावा कायमचा जाईल.

म्हणून आमची वाचकांना विनंती आहे. आपण धर्माबादेत असा, किनवटला असा, राजुऱ्याला असा की भैंशात, आपल्या घरातील सर्वांत वयस्कर माणसाजवळ बसावे आणि त्याचे आयुष्य त्याच्याच शब्दांत उतरून घ्यावे. शाळेत पहिली भाषा कोणती होती, कोणत्या वर्षी बदलली, कोणत्या ठिकाणी आपली भाषा बोलायला संकोच वाटला, लग्ने कोणत्या गावांत झाली, सातबारा किंवा पहाणी कोणत्या लिपीत हाती आली, हे विचारावे. जुनी माणसे फसली सनात बोलतील. त्यांच्या सनात सुमारे ५९० मिळविले की इसवी सन येतो. ती 'रझाकारीत', 'पोलीस ॲक्शनच्या साली' असा काळ मोजतील. तो तसाच लिहावा. माली पाटील, गिरदावर, अव्वल तालुकदार, दरख्वास्त हे शब्द बदलू नयेत. वाक्यात तेलुगू शब्द आला तर तो सुधारू नये. प्रमाण मराठीची इस्त्री फिरविली की माणूस निघून जातो आणि निबंध उरतो.

लिहिता येत नसेल त्याचे बोलणे भ्रमणध्वनीवर नोंदवावे आणि मग उतरवावे. जेबारने ज्या स्त्रिया ऐकल्या, प्वातव्हँ आणि राईरकर यांनी ज्या ओव्या ऐकल्या, त्या लिहिणाऱ्यांच्या नव्हत्या. स्त्रियांपासून सुरुवात करावी, कारण लग्न होऊन सीमा त्यांनीच ओलांडली आहे. परधान, गोंड आणि कोलाम शेजाऱ्यांच्या दारीही जावे आणि आधी ऐकावे. शेवटी, जे लिहिले जाईल त्यातले निवडक तेलुगूत नेण्यासाठी तेलुगू मित्रांची मदत मागावी. नरसिंह रावांनी यमूला तिकडे नेले. मुधोळच्या आजीला तिकडे नेणारा कोणी मिळणार नाही, असे आम्हांला वाटत नाही.

आम्ही स्वतः सुरुवात त्या पत्र्याच्या डब्यापासून करीत आहोत. बाईंनी परवानगी दिली आहे. पत्रे एकेक करून वाचून दाखविली जात आहेत, नातवंडे शेजारी बसतात. पहिल्या पत्रात भावाने पावसाची, बैलाच्या आजारपणाची आणि भाचीच्या बारशाची बातमी लिहिली आहे. राज्याचा उल्लेख त्यात कोठेही नाही.